माउंट रॉस्किलला कावळा हवा

पहाडातल्या बागेश्वरची हेमा लग्न होऊन ऑकलंडच्या माउंट रॉस्किल भागात आली, तरी मन तिचं संक्रांतीला शरयूकाठच्या जत्रेतच असायचं. तिकडे कडाक्याच्या थंडीत पोरं तळलेल्या गोड घुघुत्यांची माळ गळ्यात घालतात आणि कावळ्यांना खायला बोलावतात. तिची आई, तिची ईजा, जत्रेतून व्हिडिओ कॉल करणार होती. नात सानिका कावळा बोलावताना तिला बघायची होती.

भर उन्हाळ्यात हेमाने घामाघूम होऊन घुघुते तळले. पण ऑकलंडात कावळा आणायचा कुठून?

सासूबाई वसुंधराताई म्हणाल्या, "लेकराला कावळा कसला बोलवायला लावतेस गं? आमच्यात तो दहाव्याला लागतो."

"आमच्यात तो पाहुणा असतो, आई."

"मग येऊ दे की पाहुणा."

सानिका माळ हातात धरून तासभर अंगणात ओरडत राहिली. शेवटी कुंपणावर एक पांढराफेक सीगल उतरला, माळ हिसकून उडून गेला.

"मम, ही वॉज द राँग कलर," सानिका म्हणाली.

हेमाला रडू फुटायच्या बेतात होतं, तेवढ्यात फोन आला. गर्दीत ईजा ओरडून विचारत होती, कावळा आला का?

हेमाने तोंड उघडायच्या आत सासूबाईंनी फोन ओढला. "आला हो विहीणबाई, माळ घेऊनच गेला."

ईजा हरखली. पुढच्या वर्षी त्याचा फोटो पाठवा म्हणाली.

हेमाने कपाळावर हात मारला. "आता आणा कावळा, आई."