आजींच्या मरणाचे टेक

माझे भाऊजी, म्हणजे ताईचे यजमान, परदेशात दिग्दर्शक आहेत. मालिकांचे चार हजारांवर भाग आणि अकरा चित्रपट त्यांच्या नावावर आहेत. त्यातला एकही मला धड आठवत नाही, आणि मी तर प्रत्येक सेटवर हजर होते. आधीच्या दृश्यात कप कोणत्या हातात होता, हे वहीत लिहून ठेवणं माझं काम. नोकरी भाऊजींनीच लावली. तरी त्यांची थट्टा करायचा मेहुणीचा हक्क मी सोडलेला नाही.

भाऊजींची ख्याती एकाच गोष्टीसाठी: दुसरा टेक नाही. बाकीचे दिवसाला सहा दृश्यं उरकतात, भाऊजी चौदा. निर्माते त्यांच्यावर बेहद्द खूश. त्यामागची गोम फक्त मला ठाऊक होती. सोळा वर्षांपूर्वी ते इथे आले तेव्हा त्यांना इथली भाषा ओ की ठो कळत नव्हती. नटाने संवाद म्हटला की शिव्या घातल्या, समजायला मार्ग नव्हता. मालिकेत आजीचं काम करणाऱ्या बाई कॅमेऱ्याशेजारी खुर्ची टाकून बसायच्या. दृश्य संपलं की भाऊजी चोरून त्यांच्याकडे बघायचे. त्यांनी मान हलवली की 'ओके'. पुढे भाऊजींना भाषा आली, इतकी की ताईशी भांडतानाही ते तीच वापरू लागले. पण आजींकडे बघायची सवय काही सुटली नाही.

यंदा आजींनीच मालिकेतलं मरण मागून घेतलं. गुडघे कुरकुरत होते, लेकीकडे राहायला जायचं होतं. गुरुवारी सकाळी त्यांचं मरण चित्रित करायचं ठरलं.

आजी पलंगावर पडल्या. सुनेने हंबरडा फोडला. आजींनी असे काही डोळे मिटले की लाइटवाल्याने नाक पुसलं. मीही पुसलं. आणि भाऊजी म्हणाले, पुन्हा घ्या.

सेटवर कोणी जागचं हललं नाही, कारण हे शब्द त्यांच्या तोंडून कोणी कधी ऐकलेच नव्हते. कॅमेरामनने मला हळूच विचारलं, यांना ताप आहे का. दुसरा टेक झाला, पाचवा झाला, नववा झाला. दर वेळी आजी मरायच्या आणि भाऊजी आशेने त्यांच्याकडे बघत राहायचे. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मेलेली बाई मान कशी हलवणार? मला भयंकर हसू फुटलं, पण त्यांचा घामेजलेला चेहरा बघून ते विरून गेलं. माणूस खरोखर घाबरला होता.

दुपारी निर्माता येऊन बसला. चारपर्यंत हे दृश्य झालं नाही तर तुमच्याकडच्या माझ्या तिन्ही मालिका दुसऱ्याकडे देईन, असं त्याने अगदी गोड आवाजात सांगितलं.

अकराव्या मरणानंतर आजी उठून बसल्या आणि आपल्या मरण्यात नेमकं काय चुकतंय, ते विचारू लागल्या. भाऊजी पलंगाजवळ गेले. मीही वही घेऊन मागे गेले.

"आजी, तुम्ही मान हलवल्याशिवाय मला कळतच नाही," ते पुटपुटले.

"कसली मान?"

"प्रत्येक दृश्यानंतर हलवता ती."

आजींनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. "अरे, पहिल्या वर्षी हलवत होते. तुला भाषा आल्यापासून मी त्या खुर्चीत नुसती पेंगतेय."

भाऊजी मटकन पलंगाच्या कडेला बसले. पंधरा वर्षांचं काम डोळ्यांपुढून जात असावं. मला त्यांची फार दया आली. आता हे घरी जाऊन झोपणार, असं वाटलं. पण ते उठले आणि त्यांनी बाराव्या टेकची तयारी करायला सांगितली.

आजी पुन्हा मेल्या. या वेळी भाऊजींनी त्यांच्याकडे पाहिलंच नाही. ते मॉनिटरला नाक लावून उभे होते. पावणेचार झाले होते. झालं एकदाचं, असं समजून निर्माता खुर्चीतून उठला.

"आणखी एकदा," भाऊजी म्हणाले. "सून खोटं रडतेय."

सून सोळा वर्षं खोटंच रडत आली होती. पण हे तिला आजवर कोणी सांगितलं नव्हतं. तिचे डोळे भरून आले, ती खरीखुरी रडायला लागली, आणि भाऊजींनी कॅमेरा सुरू करायची खूण केली.