गोड्या पाण्याने धुतलेला बोर्ड

समुद्रकाठच्या आमच्या दांडी गावाहून पुण्याला निघाले तेव्हा आय बोंबील वाळत घालत होती. ती तशीच रिक्षापर्यंत आली, हात मागे धरून. "कापडांना वास लागंल. जा, बाय," म्हणाली. मी इंग्लिश मीडियमची, घरातही कमी बोलणारी. नुसती मान हलवली. जुना लॅपटॉप घरी ठेवला होता, व्हिडिओ कॉलवर एकमेकांचं तोंड दिसावं म्हणून.

पुण्यात मी मदरबोर्ड दुरुस्त करते. गावात कुणी विचारलं तर 'कॉम्प्युटरचं काम' एवढंच सांगते. मागच्या वर्षी आय गेली. तिचे व्हिडिओ फक्त त्या लॅपटॉपमध्ये होते. एकात ती मासे साफ करता करता मला शिव्या घालते. गिऱ्हाइकांना मी रोज बॅकअप घ्यायला सांगते. स्वतः घेतला नव्हता.

पावसाळ्यानंतर खाऱ्या हवेने लॅपटॉपची बटणं चिकटायला लागली. बाबांनी लॅपटॉप उघडला आणि बोटीच्या इंजिनाचं करतात तेच केलं: गोड्या पाण्याने खार धुऊन काढला, उन्हात वाळवला. बॅटरी मात्र जोडलेलीच होती; आत वीज असताना पाणी गेलं की बोर्ड जळतो. मग तो सुरू होईना. बाबांनी जवळच्या बोईसरहून कुरियरने माझ्याकडे पाठवला.

स्कीमॅटिक म्हणजे बोर्डावरच्या विजेच्या वाटांचा नकाशा. तो समोर ठेवून चार्जरपासून मोजत गेले. एकोणीस व्होल्ट आत येत होते. पुढे पाच मिळाले. जिथे तीन हवे होते तिथे शून्य. म्हणजे त्या वाटेवर शॉर्ट. तिथले कपॅसिटर, म्हणजे वीज साठवणारे बारीक भाग, एकेक करून काढले, शॉर्ट तसाच. शेवटी बाहेरून थोडी वीज सोडून बोट फिरवलं. बिघडलेला भाग तापतो. तापली ती मेमरीची चिप. बोर्डालाच सोल्डर केलेली, आयचे व्हिडिओ असलेली. चिप नवी बसवता येते. आतलं परत येत नाही.

तरी मी दोन दिवस तेच तेच मोजत राहिले.

बाबांचा फोन आला. "आय दिसली काय, बाय?"

"खाऱ्यानं चिप गेली, बाबा. तुमच्या पाण्यानं काही झालं नाही."

ते म्हणाले, "मंजे मीच धुवाला उशीर केला."

खरं सांगितलं असतं तरी दोष त्यांनीच घेतला असता. खोटं सांगितलं तरी त्यांनीच घेतला.

तुमच्यातले जे गाव सोडून गेले त्यांना घर म्हटल्यावर काय आठवतं, ठाऊक नाही. माझ्यासाठी आता दांडीत एक माणूस आहे. तो फोनवर जेवलीस का विचारतो. मी हो म्हणते, आणि दोघंही लवकर फोन ठेवतो.