काशीबाईंच्या फोनचं गाऱ्हाणं

मिठबावच्या गुरुदासला कोणी वाईट माणूस म्हणालं, तर ते धादांत खोटं आहे. लग्नाकार्यात पंगत वाढायला तो पुढे, कुणाचा पंप बंद पडला तर हातातलं काम टाकून जाणार, आणि आईच्या गोळ्या संपायच्या आधीच नव्या आणून ठेवणार. तिशी उलटलेल्या या माणसाला एकच नाद होता, कॉम्प्युटरवरच्या गेमचा. दारू नाही, पत्ते नाहीत, तेव्हा या नादाला गावात कुणी नावंही ठेवली नाहीत. ठेवली असती तर बरं झालं असतं, असं आता त्यालाच वाटतं.

कॉम्प्युटर दणकट होता. थोरल्या भावाने, अनिशने, हौसेने घेऊन दिलेला. अनिश मालवाहू बोटीवर नोकरीला. एकदा गेला की महिनोन् महिने घरी नाही. आणि गुरुदास देवगडला, आंब्याचा रस काढणाऱ्या कारखान्याच्या ऑफिसात. सीझनमध्ये मान वर करायला फुरसत नाही, पण एकदा आंबा संपला की दुपारभर माश्या मारायच्या.

त्या दुपारींसाठी त्याने एक युक्ती शोधून काढली. घरचा कॉम्प्युटर चालू ठेवायचा, गेम तिथेच चालू द्यायचा आणि त्याचं चित्र इंटरनेटवरून आपल्या मोबाइलवर बघायचं. इकडे देवगडात बोट दाबलं की तिकडे मिठबावच्या माजघरात तलवार फिरायची. समोर फाइल उघडी आणि फाइलीआड मोबाइल, असा गुरुदासचा संसार सुरू झाला.

यात कुणाचं काय बिघडलं असतं? घरातल्या घरात टीव्हीवर खेळला असता तर काहीच नाही, कारण मग चित्र घराबाहेर जातच नाही. पण त्यांचं घर डोंगराच्या पोटात. मोबाइलला रेंज नावाला नाही, जे काही चालायचं ते घरातल्या वायफायवर. आणि ती लाइन बारीक. चित्र अडखळायला लागलं तेव्हा गुरुदासने घरच्या राउटरमध्ये शिरून सोय करून ठेवली, की आधी आपला गेम जाऊ द्यायचा आणि उरलेल्या लाइनीत बाकीच्यांनी भागवायचं. पंगतीत स्वतःचं पान पहिलं मांडावं, तसं.

बाकीचे म्हणजे कोण, तर एकटी आई. काशीबाई दुपारचं जेवण आवरून मोबाइल घेऊन पडवीत बसायच्या, कारण अनिशची ड्यूटी तेव्हाच सुटायची आणि त्याचा व्हिडिओ कॉल यायचा. यायचा, त्याचा चेहरा दिसायचा, ओठ हलायचे, आणि काशीबाई “जेवलंस?” म्हणेपर्यंत चेहरा तसाच थिजायचा. मग कट. पुन्हा लावला तरी तेच. संध्याकाळी गुरुदास घरी आला की त्या म्हणायच्या, दर्यात कुठली आली रेंज.

पहिले काही दिवस गुरुदासनेही तेच खरं धरलं. मग एकदा सुट्टी घेऊन तो घरी राहिला आणि त्या दुपारी अनिशचा आवाज स्वच्छ आला. दुसऱ्या दिवशी ऑफिसात खेळताना ऐन लढाईत त्याचं स्वतःचं चित्र क्षणभर दचकलं, आणि घरी आल्यावर कळलं की नेमका तेव्हाच कॉल तुटला होता. आता काय ते त्याला कळलं. त्या माणसाने त्याच रात्री राउटरची सोय काढून टाकायला हवी होती. काढली नाही. दुपारी कॉलच्या वेळेला आपण खेळायचं नाही, एवढंच मनाशी ठरवलं आणि दोन दिवसांत ते विसरला. जेवताना आईच्या तोंडाकडे बघणं मात्र त्याने सोडलं. बांगड्याचा काटा काढण्यात इतकं काय बघायचं असतं, कोण जाणे.

आईला वाटलं, हाही काळजीत आहे. तिने त्याच्यासाठी म्हणून उपाय काढला. आपल्याकडे गाय दूध देईना की देवाला गाऱ्हाणं, पोराचं लग्न जमेना की गाऱ्हाणं, मग फोनसाठी का नको? सोमवारी ती गुरुदासला रजा काढायला लावून ग्रामदेवाच्या देवळात घेऊन गेली. गाऱ्हाणं घालणारे दाजी नारळ हातात घेऊन उभे राहिले. देवळात आलेली चार माणसं सवयीने मागे सरकून उभी राहिली.

“बा देवा म्हाराजा,” दाजींनी आवाज लावला, “ह्या काशीबायचो थोरलो झील दर्यात आसा. तेचो फोन लागता आणि अर्ध्यात तुटता. जो कोण मधी आडवो येता असात, तेका बाजूक कर आणि ह्या माय-लेकरांची गाठ घाल, म्हाराजा.”

“व्हय म्हाराजा,” सगळे म्हणाले.

गुरुदासही म्हणाला. न म्हणून चालत नाही. पण सगळ्यांचं म्हणून झाल्यावर, इतक्या उशिरा, की शेजारच्याने त्याच्याकडे वळून पाहिलं. स्वतःच्या विरुद्ध देवाला हाक मारून तो वर हात जोडून उभा होता, आणि बाजूला आई डोळे मिटून पुटपुटत होती. त्याला स्वतःची इतकी लाज कधीच वाटली नव्हती.

परतताना पाणंदीच्या वाटेत त्याला राहवेना.

“आये, बोटीक रेंज आसा,” तो म्हणाला. “मी ऑफिसात बसान आपल्या कॉम्प्युटरवरचो गेम खेळतंय, तेच्यामुळा तुमचो फोन तुटता. माका म्हायत होता.”

काशीबाई थांबल्या. गुरुदासने मान खाली घातली आणि शिव्यांची वाट पाहिली.

“म्हणजे,” त्या हळूच म्हणाल्या, “तो आपणान कट करी नाय होतो?”

गुरुदासला काही कळलं नाही.

“तेना स्थळ मोडल्यान तेव्हा मी रागान बोललंय तेका, परत माका तोंड दाखव नको म्हणान. माका वाटला, तो माझा आयकता.”

म्हणजे गावाला आई रेंजचं कारण सांगत होती आणि मनात हे धरून बसली होती. रोज दुपारी, रोज त्याच पडवीत.

पदराने तोंड पुसून तिने झपाझप पावलं उचलली, कारण अनिशच्या फोनची वेळ होत आली होती. शिव्या खायची गुरुदासची तयारी होती. पण पुढे चाललेल्या आईला इतका आनंद झाला होता की त्याला तिच्या बरोबरीने चालवेना.