चुऱ्याच्या केकवाली आत्या

आत्याला कुणी आडनाव विचारलं की ती गाव सांगायची. "आम्ही लोह्याकडचे." एवढं बोलून लगेच पुढचं विचारायची, "अंड्याचा पाहिजे का बिनअंड्याचा?" समोरची बाई केकच्या विचारात पडायची आणि आडनाव तिथंच राहून जायचं. मी बीएस्सीची सगळी वर्षं लातूरला आत्याकडं राहून काढली. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली, हे मी आजही छाती पुढं काढून सांगते. पण आत्याची ही सफाई मला कधी जमली नाही. मी सोनकांबळे. कॉलेजात कुणी विचारलं की खणखणीत सांगायचे. घरचा जिना चढताना मात्र आपोआप गप्प व्हायचे, कारण खालच्या मजल्यावर घरमालकीण काकू राहायच्या.

आम्ही बौद्ध. आत्याचं सासरचं आडनावही माझ्यासारखंच, ऐकताच कळणारं. नवरा वारल्यावर ती एकटी लातूरला आली तेव्हा दोन घरांत तिनं ते सरळ सांगितलं होतं. दोन्हीकडं एकच उत्तर मिळालं, "खोली कालच दिली." तिसऱ्या घरी तिनं "लोह्याकडचे" म्हटलं आणि काकूंनी वरच्या दोन खोल्यांची चावी हातात ठेवली. त्या दिवसापासून आत्या त्या घरात पाहुण्यासारखी वावरली. भांडं हातातून पडलं तरी आधी जिन्याकडं बघायची.

स्वयंपाकघरात एक लोखंडी कपाट होतं. त्यात केकची भांडी, मैद्याचे डबे, कोको, बटर पेपर. दाराच्या आतल्या बाजूला दोन फोटो लावलेले होते. एक बुद्धांचा आणि एक निळ्या कोटातला, आमच्या बापाचा. आत्या त्यांना बापच म्हणायची. सकाळी कपाट उघडायचं, मेणबत्ती लावायची, हात जोडायचे, फुंकर मारायची आणि दार लावून टाकायचं. त्या कपाटाला मेणाचा आणि व्हॅनिलाचा मिळून एक वास होता. मी एकदा चिडून म्हटलं, "आत्या, चोरीचा माल हाय का हा?" ती माझ्याकडं न बघता म्हणाली, "छप्पर डोक्यावर हाय तवर बोलून घे."

केक ती बेकरीत कामाला असताना बघून-बघून शिकली होती. पण तिचा जो नावाजलेला केक होता, टॉफी आणि चॉकलेटचा चुरा घातलेला, तो तिचा स्वतःचा. जाड बुडाच्या कढईत साखर आणि लोणी एकत्र वितळवायचं. मंद आचेवर ते मधासारखं, मग विटेच्या रंगाचं झालं की चिमूटभर मीठ घालून तूप लावलेल्या ताटात ओतायचं. गार झालं की फडक्यात गुंडाळून वरवंट्यानं फोडायचं. मैदा, कोको, साखर आणि लोणी बोटांनी चोळून रवाळ करायचं, त्यात टॉफीचे खडे आणि सुरीनं चिरलेलं चॉकलेट मिसळायचं आणि हे सगळं कच्च्या केकवर पसरून भट्टीत ढकलायचं. उकळत्या साखरेला मी घाबरायचे. आत्या, जी दाराच्या कडीला घाबरायची, ती कढईवर वाकून उभी राहायची. "साखर जळायच्या आधी वास देती," ती म्हणायची. "माणूस देत न्हाई."

चुरा का घालते, असं मी विचारलं होतं. तिची भट्टी जुनी होती, एका बाजूला जास्त तापायची, त्यामुळं केक मधोमध तडकायचा. "फट दिसली की लोक फटीकडंच बघतेत," आत्या म्हणाली. "वर चुरा टाकला की त्यांना वाटतंय, मुद्दाम केलंय."

काकू मुरुडकडच्या, शेतीवाडीच्या, बोलायला मोकळ्या. "ताई, काय करूलालीस गं? सगळ्या गल्लीला भूक लावून राहिलीस!" असं खालूनच ओरडायच्या. आत्याला त्या लेक म्हणायच्या आणि खरंच लेकीसारखं करायच्या. आमचं ताट खाली गेलं की ते कधी रिकामं परत आलं नाही. कधी ओल्या शेंगा, कधी दोन धपाटी, काहीच नसलं तर चमचाभर साखर. मला त्या आवडायच्या. आणि तरी त्यांच्या चपलांचा आवाज जिन्यात आला की आत्याचा हात आधी कपाटाकडं जायचा, मागोमाग माझी नजरही. अमुक पाऊल दूधवाल्याचं, अमुक गिऱ्हाइकाचं, अमुक काकूंचं, हे मला पुस्तकातून मान वर न करता कळायला लागलं होतं.

चौदा एप्रिलला आत्या लातुरात नसायची. "नांदेडला भावाकडं काम हाय," असं काकूंना सांगून आम्ही दोघी आदल्या दिवशी निघायचो. नांदेडला ती पांढरी साडी नेसून मिरवणुकीत चालायची, मोठ्यानं घोषणा द्यायची. हा आवाज हिच्यात कुठं असतो, असं मला वाटायचं. दुसऱ्या दिवशी परतीच्या गाडीत बसायच्या आधी नखांतला निळा रंग लिंबाच्या फोडीनं घासून काढायची.

मी शेवटच्या वर्षाला होते तेव्हा काकूंच्या नातवाचा पहिला वाढदिवस नेमका चौदा एप्रिलला आला. काकू वर येऊन म्हणाल्या, "तुझ्या हातचा चुऱ्याचा केक पाहिजे."

आत्याच्या हातातली चाळणी थांबली. "काकू, मी नांदेडला..."

"नांदेड काय पळून चाललंय का? पोराचा पैला वाढदिवस हाय. लेक म्हणते तुला मी."

त्या वर्षी आत्या लातुरातच थांबली.

त्या दिवशी सकाळी केक भट्टीत जाण्यासाठी तयार होता, फक्त टॉफी व्हायची होती. नांदेड चुकल्याची चुटपुट असावी. आत्यानं मेणबत्ती लावली आणि ती विझवली नाही. कपाटाचं दार उघडंच ठेवलं. "जरा वेळ जळू दे," म्हणाली. मोठ्या रस्त्यावरून मिरवणूक चालली होती. ढोल असे वाजत होते की खिडकीची तावदानं थरथरत होती. आत्या कढई ढवळता ढवळता ओठांतल्या ओठांत त्या ठेक्यावर काहीतरी म्हणत होती. मी ताटाला तूप लावत होते. त्या ढोलांत आम्हाला दोघींनाही जिन्यातलं पाऊल ऐकू आलं नाही.

"ताई, मोठं ताट हाय का गं..." काकू स्वयंपाकघराच्या दारात होत्या.

त्यांची नजर कपाटाकडं गेली. मेणबत्तीकडं, फोटोंकडं. मग आत्याकडं. मग माझ्याकडं. मला उठून कपाटाचं दार लावावंसं वाटलं, पण तुपाचं ताट माझ्या हातातच राहिलं. आत्याच्या हातातला चमचा कढईत तसाच उभा होता. बाहेर ढोल चालूच होते.  काकूंनी नाकाला पदर लावला.

"जळलं बघ ते," त्या म्हणाल्या आणि खाली गेल्या.

कढईत काळा धूर होता. आत्याची साखर जळलेली मी तेव्हा पहिल्यांदा पाहिली. तिनं कढई घासली आणि पुन्हा साखर घातली. लोणी मी टाकलं. दुपारी काकू केक न्यायला आल्या तेव्हा उंबऱ्याच्या बाहेरच थांबल्या. आत्यानं आपल्या स्टीलच्या मोठ्या ताटात केक ठेवून दिला. तो त्यांनी खाल्ला की नाही, ते आम्हाला कधीच कळलं नाही. खाली गाणी लागली, पोरं ओरडली, टाळ्या वाजल्या. आम्हाला बोलावणं आलं नाही.

मग आम्ही ताटाची वाट बघायला लागलो. आत्या तसं म्हणाली नाही, पण जिन्यात काही वाजलं की ती हातातलं काम सोडून उभी राहायची. मी तिची समजूत काढायचे, "पाहुणे असतील घरात, विसरल्या असतील." ती मान हलवायची. रात्री कूस बदलताना तिच्या बांगड्या वाजायच्या, त्यावरून मला कळायचं की ती जागी आहे. एका सकाळी दार उघडलं तर ताट वरच्या पायरीवर ठेवलेलं होतं. घासलेलं, पुसलेलं, रिकामं. आत्यानं ते उचललं, त्यावरून बोट फिरवलं, उलटं करूनही पाहिलं.

"चांगलं घासलंय," ती म्हणाली.

पुढच्या आठवड्यात काकूंनी खालूनच सांगितलं, "पुतण्याला खोल्या लागतेत गं ताई." आवाज पहिल्यासारखाच मोकळा होता. मी भांडायला उठले. आत्यानं माझा दंड धरून खाली बसवलं आणि जिन्याच्या तोंडाशी जाऊन म्हणाली, "हाव काकू." पुतण्या काही आला नाही. पुढं कितीतरी दिवस कॉलेजातून येता-जाता त्या खोल्यांना लावलेलं कुलूप मला दिसायचं.

नवीन घर शोधताना मी सोबत होते. पहिल्याच दारात आत्यानं मालकाला म्हटलं, "आधी आडनाव ऐका, मग खोली दाखवा." आणि सांगितलं. आवाज फाटला होता, कपाळावर घाम होता. तिथं नाही मिळाली. पुढच्या दारातही तिनं तेच केलं आणि त्याच्या पुढच्याही. शेवटी एका म्हाताऱ्या माणसानं पत्र्याच्या दोन खोल्या दिल्या. सामान उतरलं तेव्हा आत्यानं आधी वरवंटा मागितला, टॉफी फोडायचा. दारासमोरच्या भिंतीवर ती खिळा ठोकायला लागली. पहिला खिळा वाकला. "दुसरा दे," ती म्हणाली.

मी आता नांदेडला नोकरी करते, भाड्याच्या घरात राहते. सुट्टीच्या दिवशी कधी हा केक करते. साखरेला रंग येत असताना जिन्यात पाऊल वाजलं की माझी नजर आजही आधी कपाटाकडं जाते. शिक्षणानं ती सवय गेली नाही. अशा वेळी मला त्या पत्र्याच्या खोलीतला पहिल्या ऑर्डरचा दिवस आठवतो.

गिऱ्हाईक जुनंच होतं. एका क्लासवाल्या सरांची बायको, दर वाढदिवसाला आमच्याकडूनच केक नेणारी. नवीन घरी ती पहिल्यांदाच येणार होती. केक खोक्यात तयार होता, चुरा नेहमीपेक्षा जरा जास्तच पडला होता. बाहेर स्कूटी थांबल्याचा आवाज आला. आत्या ताडकन उठली आणि जुन्या सवयीनं भिंतीकडं गेली. तिचे दोन्ही हात तिथं टांगलेल्या बापाच्या फोटोच्या चौकटीवर होते. मला वाटलं, आता ती फोटो काढणार.  कडी वाजली.

आत्यानं चौकट जराशी डावीकडं सरकवली, एक पाऊल मागं येऊन सरळ झाली का ते पाहिलं आणि पदराला हात पुसले.

"दार उघड," ती मला म्हणाली. "पुरतं उघड."