मामूंचं ग्रॅनाडा

आमच्या माहूजच्या बिल्डिंगीतल्या चौथ्या मजल्यावरच्या मामूंना बहारीनला येऊन पंचवीसेक वर्षं झाली असतील, पण माझं ठाम मत आहे की हा माणूस इथं उतरलाच नाही. मूळ रत्नागिरीचे, नोकरी मीना सलमान बंदरातल्या गोदामात, आणि जीव अडकलाय हजार वर्षांपूर्वीच्या ग्रॅनाडात! स्पेनमधलं ते एवढंसं राज्य, आफ्रिकेतून आलेल्या बर्बर राजांचं. कुणी कौतुकानं तिथल्या प्रसिद्ध राजवाड्याचा विषय काढला की मामू भडकलेच. "तो मागाहून बांधला रे! माझे बर्बर त्याच्या आधीचे!" 'माझे' असं म्हणतात, जणू सख्खे चुलते. त्या राजांनी सपाटीवरचं गाव सोडून टेकडीवर राजधानी हलवली, म्हणून या सपाट मुलखात मामूंनी वरचा मजला धरला. लिफ्ट बंद पडली की धापा टाकत चढतील, पण खाली येणार नाहीत. "वरून शत्रू दिसतो." शत्रू कसला, डोंबलाचा? खाली बिचारा एक लॉन्ड्रीवाला!

दर शुक्रवारी ते आमच्याकडे जेवायला. बायकोच्या हातची भाकरी मोडत असं सांगतात, की वाटावं, हे तिथं पहाऱ्यावर होते. खरं सांगतो, इतिहासावर इतकं निर्मळ प्रेम करणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. शेवटच्या दोन राजांवर तर विशेष जीव. सख्खे भाऊ, एक ग्रॅनाडात, एक मालागात. आपसांत भांडत बसले आणि मोरोक्कोच्या सुलतानानं येऊन दोघांचीही राज्यं घेतली. "खलास!" म्हणताना मामूंचे डोळे भरून येतात. आणि यांचा स्वतःचा धाकटा भाऊ इथंच बुसैतीनला, गाडीनं पंधरा मिनिटांवर! गावच्या घराच्या वाटणीवरून दोघांत वर्षानुवर्षं अबोला. सगळ्या बिल्डिंगीला ठाऊक, पण मांजराच्या गळ्यात घंटा बांधणार कोण?

परवाच्या शुक्रवारी मामू भावाविषयी सहज म्हणाले, "त्याची नोकरी संपली. उद्या कायमचा गावाला चाललाय," आणि लगेच मालागाकडे वळले. बायकोनं वाढता वाढता विचारलं, "मामू, राज्यं गेली ती गेली. पण ते दोघे भाऊ पुढं एकमेकांशी बोलले का हो?"

मामूंचा घास हातातच राहिला. "ठाऊक नाय," म्हणाले. ग्रॅनाडाबद्दल हे शब्द मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकले. मग हात धुऊन मला म्हणाले, "यल्ला, चल, गाडी काढ."

बुसैतीनला भावानंच दार उघडलं. मागं दोरीनं बांधलेले खोके. त्यानं एक खोका बाजूला सरकवून वाट केली. मग म्हणाला, "भाय, जेवलास?"

आमच्याकडे तीन भाकऱ्या हाणून आलेला तो माणूस म्हणाला, "नाय रे. भूक लागलीय."

मी खाली येऊन गाडीत बसलो. फार बरं वाटत होतं, आणि माझा भाऊ अकोल्यात, इतका लांब, याचं वाईटही वाटत होतं.