मामांचा उजवा कोपर

उभ्या महाराष्ट्राने आमच्या मामांचा उजवा कोपर टीव्हीवर पाहिला आहे. चेहरा मात्र कुणी पाहिलेला नाही. रोह्याजवळच्या एका फार्महाऊसवर मालिकांचं चित्रीकरण चाले. मालिकेत लग्न निघालं, की नवरीला बोहल्यावर आणणारा मामा लागे, आणि ते काम ठरलेलं यांचंच; म्हणून ते आम्हा सगळ्यांचेच मामा. कॅमेरा नवरीवर, यांचा फक्त कोपर.

मामा रोह्याचे कोकणी मुसलमान. उमेदीची वर्षं कुवेतच्या गोदामात काढून परतलेले. मी निवृत्तीनंतर वेळ जात नाही म्हणून पाहुण्यांच्या गर्दीत बसायला जाई; पेणच्या रामवाडीहून आमची गाडी सुटे. या कामात काय मिळतं, असं मी एकदा विचारलं. "कुवेतला कोण विचारत नव्हता. इथं डोक्याला फेटा बांधतात, हातात चहा आणून देतात. आणखी काय पायजे?"

गर्दीतल्यांनी बोलायचं, पण आवाज काढायचा नाही, नुसते ओठ हलवायचे, हा तिथला नियम. आम्ही वाटेल ते पुटपुटायचो. मामा खरंच काहीतरी म्हणत. "दुआ मागतो," त्यांनी सांगितलं. "लगीन खोटं असंल, पोरगी कुणाची तरी हायच ना."

दुसरा नियम 'वन मोअर'. दिग्दर्शक ओरडला, की नवरीला निमूट दारापर्यंत न्यायचं आणि पुन्हा आणायचं. मालिकेतली लग्नं पंधरवडाभर चालतात ती काही उगाच नाही.

आमच्यातच करवली म्हणून उभी राहणारी सुजाता हमरापूरची. घरी गणपतींचे डोळे रंगवायची. तिचं खरंखुरं लग्न ठरलं आणि खरा मामा रुसला. पत्रिकेत त्याचं नाव आत्याच्या नवऱ्याच्या खाली छापलं होतं. लग्नाच्या सकाळीही त्याचा पत्ता नाही. गुरुजी मामाला हाका मारू लागले. तेव्हा सुजाता शालू सावरत पाहुण्यांत बसलेल्या आमच्या मामांसमोर येऊन उभी राहिली.

"तुम्ही चला."

"अगो, मी मुसलमान माणूस. तुझी माणसं काय म्हणतील?"

"टीव्हीतल्या बाया चालतात, मी नाय चालत व्हय?" डोळे भरले होते, तरी टोमणा मारायचं सुटलं नाही.

तिच्या वडलांनी स्वतःचा फेटा उतरवला आणि मामांच्या डोक्यावर ठेवला. प्रश्न मिटला.

मामा तिला घेऊन बोहल्याशी पोचले, तोच फोटोग्राफर म्हणाला, "हलला. परत एकदा."

दुसरा कुणी जागीच उभा राहिला असता. मामांनी नवरीचा दंड धरला, तिला वळवलं आणि सरळ दारापर्यंत परत नेलं. गुरुजी अंतरपाट हातात घेऊन बघत राहिले. सगळा मांडव हसत होता. आणि दारात खरा मामा उभा, तोंड फुगवून, आत यावं की नको अशा पेचात.

"बरं झालं आलात," मामा त्याला म्हणाले. "वन मोअर हाय. हा फेटा घ्या, चला." नवरीचा हात त्याच्या हातात देऊन ते गर्दीत मागे जाऊन उभे राहिले. त्यांचे ओठ हलत होते.

अल्बममध्ये सगळीकडे खरा मामाच आहे, छाती काढून. सुजाताने भिंतीवर लावलाय तो मात्र पहिला, हललेला फोटो. त्यात मामांचा अख्खा चेहरा आहे.

हल्ली ते मुलाकडे, कुवेतला असतात. ईदच्या फोनवर मी म्हटलं, त्या फोटोग्राफरचा हात जरा स्थिर असता तर फोटो झकास आला असता.

"त्याचा हात बरोबर होता," मामा म्हणाले. "हललो मीच."