मी मारलेली मावशी

मी माझ्या सख्ख्या मावशीला मारलं. एका मंगळवारी, संध्याकाळी सातच्या भागात, जिन्यावरून पाडून. आता पन्नाशी जवळ आली तरी ते टोचतं, म्हणून सरळ कबूल करतो.

मालिका लिहायला लागलो तेव्हा आमचं घर डोंबिवलीला आणि शूटिंग घोडबंदर रोडला. त्यामुळे मी वाटेवरच्या कोपरीत मावशीकडे राहायचो, तिच्या हातचं जेवायचो. मालिकेतल्या खाष्ट सासूसाठी रोज नवा प्रसंग लागायचा आणि मला काही सुचायचं नाही. मावशी मात्र पाहुणे आले की चकल्यांचा डबा वॉशिंग मशीनमध्ये लपवायची. तिला न विचारता मी तो प्रसंग उचलला. मग तिचे टोमणेही उचलले. सासू गाजली.

मावशीच्या भजनी मंडळाने सासूत तिला पहिल्याच दिवशी ओळखलं. बायका घरी आल्या की आधी मशीनचं झाकण उघडून बघायच्या. मावशी अवाक्षर काढायची नाही, फक्त सात वाजता टीव्हीसमोर बसायची. ती दुखावली आहे असं समजून मी मान खाली घालून जेवायचो. म्हणून सासूचं काम करणाऱ्या बाई दुसरी मालिका मिळून निघून गेल्या, तेव्हा मला सुटल्यासारखं झालं. एका दुपारीत मरण लिहून दिलं.

सासू पडली, पुढच्याच दृश्यात फोटोला हार. मावशीने टीव्ही बंद केला.

"चार दिवस आजारी तरी पाडायचंस रे. मंडळात सांगून बसलेले, दिवाळीच्या आत सुनेला घराबाहेर काढते की नाही बघा."

दुसऱ्या दिवशी मंडळ भेटायला आलं. एक जण फोटोकडे बघावं तशी मावशीकडे बघत म्हणाली, "चांगल्या होत्या हो." सगळ्या हसल्या, मावशी हसली नाही.

ती माझ्याशी बोलेनाशी झाली. ताट वाढायची, पण पोळी हवी का विचारायची नाही. मी सासूची जुळी बहीण आणायचं सुचवून पाहिलं, निर्मात्यांनी उडवून लावलं. मग एके दिवशी पाहुणे आले आणि चकल्यांचा डबा टेबलावर उघडाच दिसला. तिने लपवणंच सोडलं होतं. ते मला बघवेना.

पाहुणे गेल्यावर मी डबा उचलून मशीनमध्ये ठेवला आणि तिच्यापुढे उभा राहिलो.

"मावशी, तुला न विचारता मालिकेत घेतलं, आणि न विचारताच मारलं. माझं चुकलं."